पहिली जर्सी

कॅफेत नवं गिऱ्हाईक आलं की मार्सियाल भिंतीवरच्या चौकटीकडे बोट दाखवायचा. आत वेल्सची लाल जर्सी होती, चिखलानं माखलेली, कॉलर फाटलेली. "फ्रान्सकडून खेळताना ती कॉलर मीच फाडली," तो सांगायचा, आणि ऐकणाऱ्याला ते पटायचं.

खरं तर तो मैदानात उतरला तेव्हा सामना संपतच आला होता. रग्बीत शेवटी प्रतिस्पर्ध्याशी जर्सी बदलायची रीत. पण देशाकडून मिळालेली पहिली जर्सी सहसा कुणी देत नाही. मार्सियालनं देऊन टाकली. पुढे ढीगभर मिळतील, असं त्याला वाटलं होतं. महिन्याभरात गुडघा गेला आणि फ्रान्सनं पुन्हा काही बोलावलं नाही.

आज वेल्सचा तोच खेळाडू दारात उभा राहिला, केस पिकलेले, काखेत पुडकं. "माझाही तो एकच सामना," तो म्हणाला. "नातवाला दाखवायला घरात तुझी जर्सी आहे, माझी नाही. परत बदलू या?"

नाही कसं म्हणणार? मार्सियालनं चौकट उतरवली. पाहुण्यानं फाटक्या कॉलरवरून बोट फिरवलं आणि हसला. "ही आमच्याच कप्तानानं ओढली होती."

संध्याकाळी चौकटीत फ्रान्सची निळी जर्सी होती. कोरी करकरीत, एक डाग नाही. नव्या गिऱ्हाइकानं मान वर करून पाहिलं. "झकास आहे. कुठून विकत घेतलीत?"

मार्सियालनं हातातला ग्लास पुसून ठेवला. "विकत नाही," तो म्हणाला. "वेल्सच्या एका माणसानं आणून दिली."