तोरेची आजी

"रडायचं, पण नाक ओढायचं नाही," दोसिमने बजावलं. "लोकांना आजीचे डोळे ओले आवडतात. नाक नाही."

शर्बानू आरशात बघून डोक्याभोवतीचं पांढरं किमेशेक नीट करत होती. "बाळा, तू जन्मला नव्हतास तेव्हापासून मी रंगमंचावर रडते आहे," ती म्हणाली. "नाकाचं मला सांगू नकोस."

कढईत बाउरसाक, म्हणजे पिठाचे तळलेले गोळे, फुगावेत तसे दोसिमच्या हाताखाली गायक फुगत. अल्माटीत त्याचा सगळ्यात टपोरा बाउरसाक म्हणजे तोरे. खरं नाव तोरेगाली. दोसिमने ते अर्ध्यात कापलं, आवाज यंत्रातून गुळगुळीत करून घेतला आणि वर एक कहाणी पसरवली. आईबाप गेलेलं पोर, सिरदर्याकाठच्या खेड्यात आजीने वाढवलेलं. कहाणी गाण्यांपेक्षा जास्त चालली. मग लोक म्हणू लागले, आजी दाखवा.

"खरी आजी कुठे आहे?" शर्बानूने पहिल्याच दिवशी विचारलं होतं.

"कोणी नाही त्याला," दोसिम म्हणाला होता. तोरे तेव्हा बुटाची नाडी बांधत होता. बराच वेळ बांधत होता.

शर्बानूने आयुष्यभर आडगावच्या नाटकघरांत राण्या केल्या, पण रस्त्यात कधी कुणी मान वळवली नव्हती. आता बाजारात बायका तिचे हात डोळ्यांना लावत. तिनेही कामात कसर ठेवली नव्हती. सिरदर्याकाठचे हेल तिने जिभेवर बसवले, तोरेच्या सात पिढ्या तोंडपाठ केल्या. देशाला स्वतःची आजी फिकी वाटावी अशी आजी तिने उभी केली होती, आणि याचा तिला अभिमान होता.

आज मात्र गाठ मेरुएर्तशी होती. टीव्हीवरच्या या बाईला खोट्याचा वास लांबून येई. तिने थेट कार्यक्रमात तोरेच्या गावची माणसं आणून बसवली होती. लोक गायकाचा खोटा आवाज माफ करतात, खोटी आजी करत नाहीत. आज बिंग फुटलं तर उद्यापासून तोरेला लग्नातही कुणी गायला बोलावणार नव्हतं.

गावकरी बाकावर दाटीवाटीने बसले होते. मध्ये एक पांढऱ्या दाढीचे म्हातारबाबा. कडेला पुरुषी बूट घातलेली, सोन्याच्या दाताची उल्मेकेन, ओठाखाली तंबाखूची चिमूट धरून. तोरेची शेजारीण, असं तिने आल्या आल्या सांगितलं होतं. बाकीच्यांनी काहीच सांगितलं नव्हतं. ते नुसते उल्मेकेनकडे बघत होते.

"अपा," मेरुएर्त गोड हसली, "नातवाच्या सात पिढ्या सांगता का?"

शर्बानूने बाप, आजा, पणजा, सगळे न अडखळता धडाधड म्हणून दाखवले. 

"तोबा," म्हातारबाबांच्या तोंडून निघून गेलं. "सासऱ्याचं नाव? सुनेच्या तोंडी?"

शर्बानूला चूक उमगली. सगळं घोकलं होतं, एवढंच राहिलं होतं. तिकडच्या खेड्यात सून मरेपर्यंत नवऱ्याच्या वडीलधाऱ्यांचं नाव घेत नाही. मेरुएर्तचे डोळे उंदीर दिसलेल्या मांजरासारखे लकाकले. तोरेने मान खाली घातली.

तेवढ्यात उल्मेकेन उठली.

"हिला कसली लाज, बाबा? नवी नवरी होती तेव्हापासून ही अशीच. सासरच्या म्हाताऱ्याच्या नावाने मेंढ्याला हाका मारायची. म्हातारा आणि मेंढा, दोघंही धावत यायचे." लोक खिदळले. "आणि माझी कढई? या तोरेच्या सुंतेच्या जेवणाला म्हणून नेलीस. पोरगं एवढं मोठं झालं, कढई अजून यायचीय."

शर्बानू काही कच्च्या गुरूची चेली नव्हती. "भोक होतं तुझ्या कढईला," ती म्हणाली.

"आणि तुझ्या जिभेला हाड नाही."

म्हातारबाबांनी उल्मेकेनकडे क्षणभर रोखून पाहिलं आणि दाढीत पुटपुटले, "हो, कढईचं भांडण आमच्याही कानावर आलं होतं." मग बाकावरच्या प्रत्येक बाईला काही ना काही आठवू लागलं. टाळ्यांत मेरुएर्तचं हसू वाहून गेलं. तोरे रडत होता, आणि चक्क नाक ओढत होता.

बाहेर आल्यावर शर्बानूचे पाय जमिनीवर नव्हते. आपलं काम इतकं अस्सल की गावालाही साथ द्यावीशी वाटली, असं तिच्या मनाने घेतलं. उल्मेकेन जिन्यापाशी एकटी उभी होती.

"बाई, तुझ्यात नटी दडली आहे," शर्बानू म्हणाली.

"तुझंही बरं चाललंय. टीव्हीवर चहा मात्र पेला भरून ओततेस. आमच्याकडे पाहुण्याला हाकलायचं असलं की तसा ओततात."

"मला का वाचवलंस? दोसिमने काही द्यायचं कबूल केलं होतं?"

"तुला कोण वाचवतंय? पोराचं नाव झालंय. रेडिओवर लागला की सगळं गाव दारं उघडी टाकतं."

शर्बानू हसली. "ते सासऱ्याचं नाव तरी बरोबर घेतलं ना मी? झुमाश की झुमान?"

"मला नाही घेता यायचं ते."

"तुला कसली अडचण? तू तर शेजारीण."

उल्मेकेनने तंबाखूची चिमूट रुमालात थुंकली.

"ते तुझ्या दोसिमने ठरवलं. गेल्या वर्षी घरी आला, मला कॅमेऱ्यापुढे उभं केलं, डोक्यापासून बुटापर्यंत पाहिलं आणि तोरेला म्हणाला, ही काही तुझ्या आजीसारखी दिसत नाही. फार तर शेजारीण वाटते."