वाणाचा दिवा

“मान्य म्हणा आणि विषय मिटवा,” तिचे साहेब जयप्रकाश म्हणाले.

देवयानीचं बोट माउसवर होतं, पण दाबलं जात नव्हतं. कोलकात्याच्या न्यू टाउनमधल्या त्या काचेच्या खोलीत एसी इतका गार होता की तिनं ओढणी गळ्याभोवती गुंडाळून घेतली होती.

ऑनलाइन विक्रीच्या या भल्यामोठ्या कंपनीत कुठून काय अंगाशी येईल ते आधीच हेरायचं, हे तिचं काम. या वेळी अंगाशी आला होता एक दिवा. देवघरातला, विजेचा, थेट सॉकेटमध्ये खोचायचा. कंपनीनं तो स्वतःच्याच नावानं विकला होता, त्यामुळे दुसऱ्या कुणा विक्रेत्याकडे बोट दाखवायची सोय नव्हती. सतत चालू राहिला की काही महिन्यांनी तो आतून वितळायला लागतो. आणि देवापुढचा दिवा विझवतं कोण? दुसऱ्या एका शहरात एका घरातला पडदा पेटला होता. माणसं वाचली, नशीब त्यांचं.

रस्ते दोन होते. एक, वर्तमानपत्रांतून जाहीर करायचं, दिवा काढा, परत करा. म्हणजे चूक कबूल, ग्राहक न्यायालयात दाव्यांची रांग, आणि इकडे दुर्गापूजेचा सेल तोंडावर. दुसरा, ज्यांनी दिवा घेतला त्यांनाच गुपचूप निरोप धाडायचा. झाकली मूठ सव्वा लाखाची. हा दुसरा रस्ता देवयानीनंच सुचवला होता. ‘वस्तू कुणाच्या घरात आहे ते आपल्याला ठाऊक आहे,’ असं तिनं ठासून लिहिलं होतं. वरचे साहेब खूश झाले होते; आता तिनं पडद्यावर शेवटचं ‘मान्य’ दाबायचं तेवढं उरलं होतं.

बोट अडलं होतं ते पडद्यावरच्या एका ऑर्डरपाशी. पत्ता शहरातल्याच बेहाला भागातला. एकाच पत्त्यावर चाळीस दिवे. जानेवारीत.

“दुकानदार असेल,” जयप्रकाश म्हणाले. “एका घरात चाळीस देवघरं थोडीच असणार?”

दुकानदार कसला. कोलकात्यात मराठी घरं ती किती, आणि त्यातल्या बायका एकमेकींना चांगल्या ओळखून. तो पत्ता नलिनीकाकूंचा होता. जानेवारी म्हणजे संक्रांत, संक्रांत म्हणजे हळदीकुंकू, आणि हळदीकुंकवाला येईल तिच्या हातात एकेक वस्तू ठेवायची. वाण लुटायचं म्हणतात त्याला. देवयानी स्वतः गेली होती. सासूबाईंनी रेटून नेलं होतं.

“निरोप एकट्या नलिनीकाकूंना जाईल,” ती सावकाश म्हणाली. “दिवे चाळीस घरांत गेलेत.”

जयप्रकाशांना वाण समजावून सांगताना तिची हिंदी तोकडी पडली. पण माणूस हुशार. “मग त्यांनाच फोन करा,” ते म्हणाले. “सगळ्या त्यांच्या ओळखीच्या. आत्ता काम होऊन जाईल. जाहीर कशाला करायचं?”

खरंच की. देवयानीला इतकं हायसं वाटलं की ती चक्क हसली. सुंठेवाचून खोकला जात असेल तर कुणाला नकोय? तिनं फोन लावला.

“तुमच्या कंपनीचे निरोप दिवसाला चार येतात गं, वाचतं कोण?” नलिनीकाकू म्हणाल्या. मग सगळं नीट ऐकून घेतलं त्यांनी. “दिलेलं वाण परत मागायचं म्हणजे अगदीच कसंतरी वाटतं. पण असू दे, जीव महत्त्वाचा. करते एकेकीला फोन.”

देवयानी वाट बघत बसली. समोरचा चहा गार झाला. तिनं तो तसाच पिऊन टाकला.

काकूंचा फोन आला तेव्हा त्यांचा आवाज बसला होता. “बरं झालं कळवलंस. मंगलाचा सॉकेट पिवळा पडलाय, हात लावला तर चटका बसला तिला. तिनं काढला दिवा. आणखी सात-आठ जणींनी काढले. पण बाकीच्यांचं काय करू सांग? आमच्याकडे होताच एक, म्हणून देऊन टाकला म्हणतात. कुणी शेजारणीला, कुणी कामवालीला, कुणी कुठल्याशा बारशात. ती कामवाली आता गावी गेलेली. कुठे कुठे शोधू मी?”

आलेलं वाण ठेवून घेतं कोण? घरोघरी एक पिशवी असते, आलेली वाणं पुढे सरकवायला. हे तिला काय ठाऊक नव्हतं? पण ऑफिसात योजना लिहिताना ती पिशवी आठवली नव्हती. काकू अजून बोलतच होत्या.

“आणि तुझा गं? तुलाही दिला होता मी. काढलास ना?”

“बघते, काकू,” एवढंच म्हणून तिनं फोन ठेवला.

जयप्रकाश पुढे झुकले. “मिळाले ना सगळे?”

देवयानीनं पडद्यावर ‘अमान्य’ दाबलं. “जाहीर करावं लागेल, सर. आजच. आणि बंगाली पेपरांत आधी.”

“काय बोलताय ते कळतंय का तुम्हाला? नोकरी जाईल तुमची. आणि कुणासाठी? ज्याच्या घरात तो दिवा आहे आणि आपण पोचू शकत नाही, अशा एका तरी माणसाचं नाव सांगा.”

देवयानीनं डोळे मिटले. खूप आठवून पाहिलं.

“आमच्याकडे बदलीवर कामाला आलेल्या एका बाईला मीच तो देऊन टाकला, सर,” ती म्हणाली. “नाव विचारलं नव्हतं. कडेवर लेकरू होतं, एवढंच आठवतंय.”