सहावी जागा

"सही केलीस की घंटा वाजवायला सांगतो," गिदोनकाका म्हणाले आणि त्यांनी कागद रूथपुढे सरकवला.

ओट्यावर काचेच्या थंड पेटीत बेंजामिन सर होते. पेटी सकाळी देवळाली प्रवऱ्याहून भाड्याने आणली होती. तेव्हापासून दोनदा लाईट गेली होती. आता तीन वाजले होते. अंधार पडायच्या आत सरांना माती द्यायला हवी होती आणि कुठे, ते अजून ठरलं नव्हतं.

कागदावर एकच ओळ टाईप केलेली होती. 'माझ्या वडिलांनी मंडळीचा नियम मोडला, त्याबद्दल मी त्यांच्या वतीने माफी मागते.'

नियम जुना होता. मंडळीबाहेर काढलेलं माणूस गेलं, की त्याला कब्रस्तानाच्या कुंपणालगतच्या कोपऱ्यात पुरायचं. घंटा नाही, प्रार्थना नाही, दगडावर नाव नाही. तिथे असे पाच जण होते. पंधरा वर्षांपूर्वी सर मंडळीचे सेक्रेटरी होते. त्यांनी जुनी रजिस्टरं उघडून पाचही नावं शोधली आणि ऑइलपेंटने दगडांवर स्वतः लिहिली. पहिलं नाव होतं मार्था, घरच्यांना न विचारता लग्न केलेली. पंचांनी नावं खरवडून माफी मागायला सांगितलं. सरांनी दोन्ही केलं नाही, म्हणून त्यांनाच मंडळीबाहेर काढलं. तेव्हापासून दर रविवारी ते चर्चच्या बाहेरच्या पायरीवर बसून उपासना ऐकत. पाऊस असला तर छत्री उघडून.

"बाबांनी पंधरा वर्षांत हे लिहून दिलं नाही, काका."

"हट्टी होता तो. एका बाकावर शिकलोय आम्ही, मला नको सांगूस." गिदोनकाकांनी कागदावर बोट टेकवलं. मंडळीचे मुख्य पंच तेच होते. "एस्तेरवहिनींच्या शेजारची जागा नऊ वर्षं कुणाला दिली नाही मी. भांडलोय त्यासाठी. गेलेल्या माणसाला कसला आलाय अपमान, पोरी? आईचा तरी विचार कर."

रूथने पेन उचललं. आईच्या शेजारचं गवत ती दर नाताळला सुप्याहून येऊन उपटायची. बरोबर एका माणसापुरती जागा होती ती. कंपनीतल्या नोकरीमुळे बाबांचे शेवटचे आठ दिवसही तिला दवाखान्यात धड बसायला मिळालं नव्हतं. निदान एवढं तरी करता आलं असतं.

तिने 'रूथ बेंजामिन' एवढं लिहिलं आणि ती थांबली.

शाळा उघडली की सर नववीच्या वर्गात पहिला तास हंगेरीवर घ्यायचे. पुस्तकात तो धडा नव्हता. फळ्यावर ते इंग्रजी अक्षरांत लिहायचे, इम्रे नॉज. पोरं 'नागी' वाचायची, हसायची. सर हसू द्यायचे आणि मग सांगायचे. हा माणूस पंतप्रधान होता. लोकांच्या गळ्याभोवतीचा फास थोडा सैल करायला निघाला, म्हणून त्यालाच फासावर चढवलं. दयेचा अर्ज त्याने केला नाही. मग बुडापेस्टच्या एका कब्रस्तानाच्या पार टोकाला, तीनशे एक नंबरच्या तुकड्यात, डांबरी कागदात गुंडाळून पालथा पुरला. नाव नाही. एकतीस वर्षांनी लोकांनी त्याला बाहेर काढला आणि भर चौकात सहा पेट्या ठेवल्या. पाच त्याच्या आणि त्याच्या सोबत्यांच्या. सहावी रिकामी होती. ज्यांची नावं कुणालाच ठाऊक नाहीत, त्यांच्यासाठी.

कोपऱ्यात पाच दगडांशेजारी सरांनीही चुन्याने रंगवलेल्या गोट्यांचा एक सहावा चौकोन आखून ठेवला होता. गावात त्याला 'सरांची हंगेरी' म्हणत.

थंड पेटीची मोटर पुन्हा बंद पडली.

"लवकर कर," गिदोनकाका म्हणाले.

रूथने लिहिलेलं नाव खोडलं. कागदाची घडी घालून त्यांच्या हातात दिली.

"कोपऱ्यात खणायला सांगते, काका."

"पाळक येणार नाहीत तिथे."

"बायबलमधलं वचन मी वाचीन."

"आणि वहिनी?"

रूथ चपला घालून निघाली.

कब्रस्तानाच्या फाटकाशी मच्छिंद्र कुदळ घेऊन उकिडवा बसला होता. तीस वर्षं तिथे खणायचं काम तोच करत होता. तिला पाहून तो उठला. काही न विचारता तिच्या मागोमाग कोपऱ्यात आला. उसातून येणाऱ्या वाऱ्याने कुंपणाची तार वाजत होती. लांब मधल्या रांगेत आईचा पांढरा क्रूस दिसत होता. रूथने तिकडे पाहायचं टाळलं. आईला एकटं टाकलं आपण. बाबांच्या हट्टासाठी की स्वतःच्या?

"तो सहावा चौकोन तसाच राहू दे, मच्छिंद्रभाऊ," ती म्हणाली. "त्याच्या पलीकडे खणा. ती जागा बाबांनी रिकामी ठेवलीय."

"रिकामी न्हाई ती, ताई. सरांच्या मापाची हाय. सोता आडवे झाले हुते हितं, तवा मी गोटे लावले."

रूथने चौकोन पावलांनी मोजला. सर उंच होते. चौकोनही बाकीच्या पाच कबरींपेक्षा वीतभर लांब होता. पंधरा वर्षांत हे तिच्या लक्षात आलं नव्हतं.

"मला कधी बोलले नाहीत."

मच्छिंद्रने वाकून पहिला गोटा उचलला आणि बाजूला ठेवला.

"दवाखान्यात जायच्या आदल्या दिशी आल्ते. म्हनले, रूथनं कोपरा मागितला तर हीच जागा दे. अन् तिनं सही केली, तर ह्यातलं काय बी तिला कवाच सांगू नको. मी तिच्या आईशेजारी बी सुखानं झोपंन."