ऐपत

शेजारच्या दिगंबरने उसने नेलेल्या दीड लाखांचा चेक दिला आणि तो बाउन्स झाला, म्हणून कमल भोईवाड्याच्या कोर्टात साक्षीला उभी होती. सही आपलीच असल्याचं दिगंबरने कबूल केलं होतं. तेव्हा त्याच्या वकिलाने कमलच्या ऐपतीवरच बोट ठेवलं.

"नवरा गिरणी संपापासून घरी. तुम्ही लालबागला मिरच्यांची देठं काढता. मग बाई, दीड लाख आणलेत कुठून?"

"होते, साहेब."

"होते म्हणजे? आकाशातून पडले?"

"होते," एवढंच कमलने पुन्हा सांगितलं. पैसे दिल्याचं सिद्ध होत नाही म्हणून कोर्टाने दिगंबरला सोडलं.

चाळीत पेढे वाटताना तो कमलच्या दारासमोर मुद्दाम थांबला. "घरात चहाला साखर नाही आणि लोकांना लाख लाख वाटते म्हणे. खोटारडी बाई."

गॅलरीतले सगळे हसले. कमलने फक्त त्याच्या आईकडे, जाईबाईकडे पाहिलं. जाईबाईने मान फिरवली.

"खा गो आये, सुटलो मी," म्हणत दिगंबरने आईच्या तोंडात पेढा घातला. तिने तो गिळला.



आईचे पैसे पोरगा बुडवील, शेजारणीचे बुडवायला लाजेल, म्हणून आपल्या वारलेल्या नवऱ्याचे गिरणीतून मिळालेले दीड लाख जाईबाईनेच कमलच्या हातून त्याला दिले होते, आणि कुणाला सांगू नकोस म्हणून तिला शपथ घातली होती.