रंगरावांची तारीख

शिपायाने तिसऱ्यांदा पुकारा केला, "फिर्यादी रंगराव, हाऽजिर?" आणि खेडच्या कोर्टातली सगळी माणसं दाराकडे बघू लागली. दारात एक कुत्रं तेवढं उभं होतं.

आरोपी नवाब टांगेवाला पिंजऱ्यात उभा होता. पहाटेच तो कुरुळीहून शेतातल्या वाटेने चाकणच्या एस्टीसाठी पायी निघाला होता. आरोपीने टांग्यातून मिरवत कोर्टात जावं, हे काही त्याला बरं दिसेना.

गुन्हा म्हणाल तर एवढाच. भरल्या टांग्यात रंगराव पाचवे म्हणून चढू लागले, आणि नवाबने रागाच्या भरात त्यांना हाताला धरून खाली ओढलं. रंगराव पडले, घोटा कामातून गेला. त्यांनी फिर्याद ठोकली. टांगा मात्र सोडला नाही. दर बाजाराला काठी टेकत यायचे, चाकणपर्यंत तोंडातून ब्र काढायचे नाहीत. भांडण भांडणाच्या जागी!

शिक्षा झाली असती तर टांग्याचा परवाना गेला असता. मग त्याच्या बायकोने, फरीदाने, चूल कशावर पेटवायची?

मॅजिस्ट्रेटसाहेबांनी घड्याळाकडे पाहिलं आणि कागदावर दोन ओळी खरडल्या. "फिर्यादी गैरहजर. आरोपी निर्दोष."

"म्हंजी? पुढली तारीख कवा?" नवाबने कारकुनाला विचारलं.

"कसली तारीख? सुटलास तू. हीच फिर्याद त्यांना आता पुन्हा करता यायची नाही. जा घरी."

नवाबला रडूच फुटलं. चूक आपली, आणि ती पोटात घातली रंगरावांनी! उघड माफ केलं असतं तर गावात त्यांची मान खाली गेली असती, म्हणून बिचारे गपचूप घरी राहिले.

चाकणला एस्टीतून उतरून त्याने पावशेर पेढे घेतले आणि पाणंदीने कुरुळीत येऊन थेट रंगरावांचं घर गाठलं. त्यांची बायको मंजुळाबाई ओसरीवर डाळ निवडत होती.

"वहिनी, दादा हायेत का?"

"सकाळच्यानं भाईर गेल्यात. नवा फेटा बांधून."

तोंड चुकवतायत! या माणसाला आभारसुद्धा नकोत. नवाब पेढे घेऊन त्यांना शोधत वेशीकडे निघाला.

वेशीबाहेर, टांगा थांबतो त्या वडाखाली रंगराव बसले होते. कोर्टाचे कागद मांडीवर, काठी शेजारी. नवाबने पेढ्यांचा पुडा पुढ्यात ठेवला आणि त्यांचे पाय धरले.

"दादा, तुमचं उपकार जलमभर फिटायचं न्हाईत."

रंगरावांनी पाय आखडून घेतले.

"उपकार कसलं रं? नऊ वर्सांत तुझा टांगा कधी चुकला न्हाई. तुला बी कोर्टात जायाचंच हुतं, म्हटलं तुझ्याच टांग्यातनं जाऊ. तर सकाळी सातपासनं हितं बसलोय!"