दुसरी चूल

धरणात सगळं गाव जाणार होतं. ज्याची चूल वेगळी, त्याला मोबदल्यात प्लॉट वेगळा, असा सरकारी नियम होता. म्हणून मुलाने आदल्या दिवशी घरात दुसरी चूल मांडली आणि आईला नि बायकोला बजावलं, "साहेब आले की एकमेकींशी बोलायचं नाही. दोन वर्षांपासून वेगळ्या आहोत, एवढंच सांगायचं."

पाहणीला साहेब आले, तेव्हा म्हातारीने नाक मुरडून सांगितलं, "हिचं तोंडसुद्धा बघत नाही मी!" सुनेनेही फणकाऱ्याने मान फिरवली. मुलगा मनातून खूश झाला. साहेबांनी वाकून दोन्ही चुलींवरची झाकणं उचलली. म्हातारीच्या चुलीवर नुसता भात होता आणि सुनेच्या चुलीवर नुसती भाजी.

"आजी, हा भात कशाशी खाणार?" साहेब हसले आणि कागदावर 'चूल एक' असं लिहून पुढच्या घरी गेले.

मुलाने कपाळावर हात मारला. "आई, हातातला प्लॉट घालवलास! मूठभर भाजी फोडणीला टाकायला काय झालं होतं?"

"राहिलंच नाही बाबा ध्यानात. वय झालं आता."

तो पाय आपटत बाहेर गेला, तशी म्हातारी हळूच सुनेला म्हणाली, "चिठ्ठ्या टाकून प्लॉट देणार आहेत म्हणे. आपला दुसरा कुठल्या टोकाला निघाला असता कोण जाणे! म्हणून मुद्दामच नाही केली भाजी. पण तू का गं भात लावला नाहीस?"

सून तिचं ताट वाढत म्हणाली, "चिठ्ठ्यांचं मलाही कळलं होतं, आई."