ऐरीगैरी

"बायबलमधल्या शुभवर्तमानातले वाद धर्माचे कमी आणि अब्रूचे जास्त आहेत," परिसंवादात विभागप्रमुख माइकवरून सांगत होते. "त्या काळच्या समाजात चारचौघांत प्रश्न विचारणं म्हणजे समोरच्याच्या अब्रूला हात घालणं. मात्र उत्तर द्यायचं ते बरोबरीच्या माणसालाच. ऐऱ्यागैऱ्याला उत्तर दिलं, की तो आपल्या बरोबरीला येऊन बसला."

मागच्या रांगेतून त्यांची विद्यार्थिनी उठली. तिचा प्रबंध वर्षभर त्यांच्या कपाटात धूळ खात पडला होता.

"सर, हे माझ्या प्रबंधातलं तिसरं प्रकरण आहे. माझं नाव घ्यायचं राहिलं का?"

सरांनी पाण्याचा घोट घेतला आणि तिच्याकडे न बघता पडद्यावर पुढची स्लाइड आणली. ती उभीच राहिली. पुढच्या रांगेत कुणीतरी खुसखुसलं, आणि सरांचा पारा चढला.

"तुझं नाव? ग्रीकचा ग तरी येत होता का तुला? मी शिकवला. माझं बोट धरून इथवर आलीस आणि आता माझ्याच डोक्यावर मिरे वाटतेस?"

सर थांबेचनात. शेवटी अध्यक्षांनी बाही ओढून त्यांना खाली बसवलं, तेव्हा कुठे तीही बसली.

शेजारच्या मैत्रिणीनं तिचा हात दाबला. "सगळ्यांसमोर लायकी काढली गं तुझी. रडू नकोस."

"रडू कशाला?" पेनाला टोपण लावत ती म्हणाली. "उत्तर दिलं ना त्यांनी."